अठरहिया

बनारसला ब्रह्मा घाटाच्या वरच्या गल्लीत प्रल्हादचा पानाचा ठेला आहे, आणि प्रल्हादकडे एकच विनोद आहे. सकाळी सहाच्या सुमारास सीता खराटा खांद्यावर टाकून घाटाकडे निघाली की तो पानाला कात लावता लावता विचारतो, "का हो अठरहिया, आज कै दिन भइल?" म्हणजे, आज किती दिवस झाले? सीता बासष्ट वर्षांची आहे. लग्न होऊन ती इथे आली तेव्हा हाच प्रश्न प्रल्हादचा बाप विचारायचा. ठेल्याबरोबर विनोदही वारशात आला.

विनोदाचं मूळ असं. गल्लीच्या मागे, एका जुन्या अन्नछत्राच्या भिंतीला लागून सफाई कामगारांची वस्ती आहे, एक्केचाळीस घरांची. तिला सगळे अठरहिया म्हणतात आणि तिथल्या माणसांनाही तेच म्हणतात. दोनशे वर्षांपूर्वी कुणा मराठा सरदाराने अन्नछत्र काढलं, तेव्हा झाडलोटीला ही माणसं अठरा दिवसांकरता आणली म्हणे. अठरा दिवस संपले, माणसं काही गेली नाहीत. तेव्हापासून ती गल्लीची पाहुणी, न सांगता राहिलेली.

फेब्रुवारीत वस्तीतल्या नळाशेजारी महापालिकेच्या कार्यालयाची नोटीस चिकटली. घाटाकडे जाणारा रस्ता रुंद करायचा आहे, वस्ती हे अतिक्रमण आहे, कुणाची आपत्ति असल्यास एकवीस दिवसांत लेखी द्यावी, मग सुनावणी होईल. मराठीत आपत्ती म्हणजे संकट, इकडच्या हिंदीत आपत्ति म्हणजे हरकत. "दोन्ही अर्थ एकाच कागदात बसवलेत," नोटीस वाचून सिस्टर बकुळ म्हणाली. पण ते कळून हसणारं तिथे दुसरं कुणी नव्हतं.

सिस्टर बकुळ रुमाव वसईची, नंदाखालची. वडिलांची फुलांची वाडी होती. थोरली मुलगी झाली तेव्हा त्यांनी चर्चच्या वहीत ब्रिजिट लिहिलं आणि घरात बकुळ म्हणून हाक मारली. एकोणिसाव्या वर्षी ती धर्मभगिनी व्हायला निघाली, पुण्यात धर्मशास्त्र शिकली, एका हिब्रू स्तोत्राच्या चार ओळींवर सहा वर्षं घालवून डॉक्टर झाली. बनारसला येऊन तिला अकरा वर्षं झाली होती. सकाळी ती कॉन्व्हेंटमधल्या नवशिक्या मुलींना शास्त्रवाचन शिकवायची आणि उरलेला दिवस सफाई कामगार बायकांच्या संघटनेत घालवायची. गटारात उतरणाऱ्यांना बूट आणि हातमोजे मिळावेत म्हणून ती बायकांबरोबर तीन वेळा रस्त्यावर बसली होती. तिसऱ्यांदा ते मिळाले. ही दोन कामं कशी जमतात असं कुणी विचारलं, की तिला प्रश्नच कळत नसे. "दोन कुठे आहेत? नीट वाचायचं, आणि वाचलेल्याला जागायचं. एकच काम."

नोटिशीला दोन जोडपत्रं होती. एक नकाशा. दुसरं अन्नछत्राच्या दोनशे वर्षांपूर्वीच्या कागदाचं. तो कागद मोडी लिपीत होता; सत्तर वर्षांपूर्वी ब्रह्मा घाटावरच्या विश्वेशशास्त्र्यांनी त्यातला जागेपुरता मजकूर देवनागरीत उतरवून एका पुस्तिकेत छापला होता. कार्यालयाने त्या पानाची नक्कल जोडून खाली लाल रेघ मारली होती: 'हलालखोर यांचे अठरा दिन कुटुंबास राहावयास जागा दिली असे.'

"हलालखोर मतलब हम लोग," सीता म्हणाली. "ये तो पता है. आगे क्या लिखा है, सिस्टर जी?"

"आगे लिखा है कि अठारह दिन के लिए जगह दी."

नळाभोवती जमलेल्या बायकांनी मान वाकवून ती लाल रेघ पाहिली. चाळीस वर्षं चाललेला विनोद सरकारी कागदावर आला होता आणि त्याच्यावर शिक्का होता. सीताने घराघरांतून कागद गोळा केले होते: रेशनकार्डं, एका म्हातारीच्या पेन्शनचं पुस्तक, शाळेचा एक दाखला. सगळ्यांत जुना चौऱ्याहत्तर सालचा. दोनशे वर्षांपुढे चौऱ्याहत्तर म्हणजे काल संध्याकाळ.

"मतलब प्रल्हदवा सही बोलता था," सीता म्हणाली. तिच्या आवाजात चीड नव्हती. बकुळला तेच सहन झालं नाही.

ती पुस्तिकेचं पान घेऊन कॉन्व्हेंटला आली. वर्गातल्या मुलींना ती एक नियम शिकवायची: मजकूर जिथे अडखळतो तिथून पळू नका, तिथेच बसा. या ओळीत काहीतरी अडखळत होतं. जेवताना तिने ती ओळ स्वतःशी तीनदा म्हटली. चौथ्यांदा तिला खडा लागला. 'अठरा दिन.' मराठी माणूस अठरा दिवस म्हणतो. जुन्या कागदांत अठरा रोज. गांधी जयंतीला आपण दिन म्हणतो, कुणाचा मुक्काम मोजताना नाही. सरदाराबरोबर दक्षिणेतून नुकत्याच आलेल्या कारकुनाने 'अठरा दिन' कशाला लिहावं?

उत्तर दुसऱ्या दिवशी सकाळी प्रार्थनेत आलं. बाकीच्या भगिनी हिंदीत म्हणत होत्या, बकुळ सवयीने ओठांत मराठीत पुटपुटत होती, वडिलांनी शिकवलं तसं. डोंगरावर बसून येशूने सगळ्यांत आधी कुणाला धन्य म्हटलं, तो शब्द ओठांवर आला आणि ती तिथेच थांबली. दीन. दीर्घ दी. गरीब, निराधार. पन्नास वर्षं ती हा शब्द रोज म्हणत होती.

अठरा दीन कुटुंबांस. अठरा दिवस नव्हेत, अठरा घरं.

"सिस्टर, प्रार्थनेत हसू नये," शेजारच्या सिस्टर शरदिनी कुजबुजल्या. त्या कॉन्व्हेंटच्या प्रमुख होत्या, आणि बकुळच्या हसण्याचा त्यांना धसका होता.

न्याहारीला बकुळने त्यांना सगळं सांगितलं. शरदिनींनी ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "सुनावणीला जा. पण पाटी घेऊन रस्त्यावर बसू नकोस. मागच्या वेळी पोलिसांनी मलाच फोन केला होता, तुमच्या सिस्टरला घेऊन जा म्हणून."

"या वेळी रस्त्यावर नाही. विश्वेशशास्त्र्यांच्या माडीवर."

मूळ कागद पाहिल्याशिवाय काहीच सिद्ध होणार नव्हतं. मोडीत ह्रस्व-दीर्घ नसतं, एकच वेलांटी. शब्द सुटे लिहायची पद्धतही नाही, सगळी ओळ सलग. म्हणजे कागदावर दिन आणि दीन एकसारखेच दिसणार, निवाडा वाचणाऱ्याचा. कागद होता विश्वेशशास्त्र्यांच्या मुलाकडे, रत्नाकरशास्त्र्यांकडे. वय अठ्ठ्याहत्तर, दशग्रंथी वैदिक, आणि शहरात कुठल्याही कचेरीत मोडी कागद आला की वाचायला त्यांनाच बोलावणं जायचं. ते म्हणतील तेच वाचन. बकुळला स्वतःला मोडी जेमतेम यायची.

मंगला गौरीच्या देवळाच्या बाजूने ती त्यांच्या घरी पोहोचली तेव्हा वर माडीवर पाठ चालला होता. चार-पाच विद्यार्थ्यांचे आवाज, मध्येच टाळी, मग शास्त्र्यांचा आवाज: "थांबा. ह्रस्व आहे. दीर्घ कुठून आणलात? पुन्हा." पुन्हा सुरू. पुन्हा टाळी. एका वेलांटीसाठी तीन वेळा थांबवलं. बकुळ खाली ओट्यावर बसून मोजत होती.

पाठ संपल्यावर शास्त्री खाली आले. त्यांची नात देवश्री, विश्वविद्यालयात शिकणारी, मागोमाग आली.

"कुठल्या तुम्ही?" शास्त्र्यांनी विचारलं.

"वसईची."

"वसई! म्हणजे आमच्या लोकांनी पोर्तुगीजांकडून घेतली ती."

"घेतलीत. पण आम्हाला तिथेच राहू दिलंत. हाकललं नाहीत."

शास्त्री हसले. "बोलता छान, बाई. चाय घ्याल? आमच्या घरची चालेल ना?"

"मला चालेल. कप नंतर तुम्हाला चालेल ना?"

देवश्री फिस्सकन हसली. "आजोबा, क्लीन बोल्ड!"

"तू आत जा, चाय टाक," शास्त्री म्हणाले, पण त्यांनाही हसू आवरलं नव्हतं. ते फार टिकलं नाही. बकुळने पुस्तिकेचं पान पुढे ठेवलं आणि मूळ कागद पाहायला मागितला, तसे ते ताठ बसले.

"तो पेटीत आहे. दसऱ्याला सरस्वतीपुढे निघतो, पूजा होते, परत आत. कुणाला दाखवायचा रिवाज नाही. आणि दाखवायचंय काय? वाचन वडिलांनी केलंय, छापलंय. आता त्यात काय बघणार?"

"एक वेलांटी."

तिने सांगितलं. शास्त्र्यांनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं, मग चष्मा काढला.

"म्हणजे आमच्या वडिलांनी ध चा मा केला म्हणता."

"नाही हो. तो तर मुद्दाम केलेला. इथे दीर्घाचा ह्रस्व झाला, तोही नकळत."

"विश्वेशशास्त्र्यांच्या वाचनावर काशीत आजवर कुणी बोट ठेवलं नाही."

"मीही ठेवत नाही. तुम्ही ठेवून बघा म्हणते."

"बाई," शास्त्री उठले, "तुम्ही पाहुण्या आहात म्हणून गप्प बसतोय. वस्तीवाल्यांचं वाईट व्हावं असं मला वाटत नाही. पण त्यासाठी वडिलांना खोटं पाडायचं, हे आमच्याने व्हायचं नाही."

चहा आला होता. बकुळने तो उभ्यानेच घेतला, कप खाली ठेवला आणि म्हणाली, "मघाशी वर तुम्ही एका वेलांटीसाठी तीनदा थांबवलंत. कशाला?"

"कशाला म्हणजे? स्वर चुकला तर मंत्र म्हणणाऱ्यावरच उलटतो. हे पहिल्या दिवशी शिकवतात."

"हा म्हणणाऱ्यावर नाही उलटला, शास्त्रीबुवा. एक्केचाळीस घरांवर उलटलाय."

आणि ती निघाली. गल्लीच्या टोकाशी येईपर्यंत तिला वाटत होतं की आपण जरा जास्तच बोललो.

सुनावणी मार्चच्या दुसऱ्या शुक्रवारी होती. मंगळवार उजाडला तरी शास्त्र्यांकडून काही नाही. बकुळने हरकतीचा अर्ज मुदतीत दिला होता, त्यात वेलांटीचा मुद्दा घातला होता, आणि तिला कळत होतं की शास्त्र्यांच्या तोंडून आल्याशिवाय त्याला काडीचं वजन नाही. एका ख्रिस्ती बाईने मोडीबद्दल काय सांगावं, असं कुणीही म्हणेल. सीताने अर्जावर सही केली होती. दहा वर्षांपूर्वी ती अंगठा उठवायची.

बुधवारी सकाळी फोन वाजला. देवश्री होती.

"सिस्टर, प्लीज आ जाइए. आजोबांनी आमचं डोकं खाल्लंय. जेवताना, नहाताना, एकच. दिन, दीन, दिन, दीन. आजीने कल थाली पटक दी."

बकुळ एकटी गेली नाही, सीताला बरोबर घेतलं. ओट्यापाशी सीता थांबली. खराटा तिने भिंतीला टेकवला आणि तिथेच उभी राहिली. या घरासमोरची गल्ली तिने चाळीस वर्षं झाडली होती, उंबरठ्याच्या आत पाऊल टाकलं नव्हतं.

शास्त्र्यांनी हात-पाय धुतले, पाटावर धूतवस्त्र पसरलं आणि पेटीतून कागद काढला. तपकिरी, घड्यांवर फाटलेला, हाताएवढा. त्यांनी मोठ्याने वाचायला सुरुवात केली. आवाज पाठासारखाच, एकेक अक्षर तोलून. जागेची ओळ आली. तिथे ते क्षणभर थांबले आणि वडिलांप्रमाणेच वाचून गेले: "अठरा दिन कुटुंबास..." मग कागद खाली ठेवू लागले.

"पुढे?" बकुळने विचारलं.

"पुढे जागेचं काही नाही. समाराधनेचं आहे. वडिलांनी ते छापलंच नाही, कामाचं नव्हतं म्हणून."

"तेच वाचा."

शास्त्र्यांनी तिच्याकडे पाहिलं आणि वाचू लागले. समाराधना कशी करावी, पाणी कुठल्या घाटावरून आणावं. "ब्राह्मणभोजन अकरा रोज घालावे. सातवे रोजी..."

आवाज थांबला.

शास्त्र्यांचं बोट त्या शब्दावर होतं. मग ते सावकाश पुढे वाचत गेले, शेवटच्या ओळीपर्यंत, आणि परत वर आले, आणि देवश्रीला म्हणाले, "मोज ग. रोज किती वेळा आलं?"

"पाँच."

"आणि दिन?"

"एक. बस वही एक."

"पाच ठिकाणी हा कारकून दिवसाला रोज म्हणतो," शास्त्री म्हणाले. "मग सहाव्या ठिकाणी त्याला दिन कशाला सुचेल?" त्यांनी चष्मा काढून धोतराच्या सोग्याने पुसला. पुसण्यासारखं त्यावर काही नव्हतं. "वडील इथेच जन्मले, बाई. आजोबाही. आम्ही घरात 'दोन दिन थांब' म्हणतो. त्यांच्या कानाला दिन म्हणजे दिवसच. कागद दक्षिणेचा होता आणि कान काशीचा."

"मी पण तेच बोलते," देवश्री म्हणाली. "दोन दिन."

शास्त्री उठून दारापर्यंत आले. सीता एक पाऊल मागे सरली.

"क्यों जी," ते तिला म्हणाले, "तुम्हारे यहाँ अठारह का और कुछ है? कोई रीत, कोई बात?"

सीता गोंधळली. "अठारह का? कुछ नाहीं, महाराज. बस ब्याह में अठारह दीया रखते हैं."

"क्यों?"

"अम्मा रखती थीं, हमरी सास. अठारह घर के नाम का. बड़का घर, कुइयाँवाला घर, नीमतर का घर..." ती बोटांवर मोजत होती. "नाम ले-ले के रखते हैं. एक भी छूटा तो ब्याह नहीं लगता."

बकुळ अकरा वर्षं या वस्तीत जात होती. चार लग्नं जेवली होती. ते दिवे तिने पाहिले होते आणि मोजले नव्हते. मुलींना वाचायला शिकवणाऱ्या बाईने हे कसं वाचलं नाही, असं मनात येऊन तिचे कान गरम झाले.

"भीतर आओ," शास्त्री सीताला म्हणाले. "धूप में क्यों खड़ी हो?"

सीताने आधी बकुळकडे पाहिलं, मग उंबरठ्याकडे, मग आत आली आणि कागदापासून हातभर अंतरावर बसली. "यही है?" तिने विचारलं. "इत्ता-सा?"

शुक्रवारी यायचं का, हे शास्त्र्यांनी तेव्हा सांगितलं नाही. "वडिलांची चूक चारचौघांत बोलायची..." एवढंच म्हणाले.

बकुळने आग्रह केला नाही. निघताना ती म्हणाली, "माझ्या प्रबंधात मी माझ्या गुरूंचं एक वाचन खोडलं होतं. परीक्षेला ते समोरच बसलेले."

"मग?"

"उभे राहिले आणि म्हणाले, आज माझी शिकवण कामी आली."

शास्त्र्यांनी कागद पेटीत ठेवला. पेटीला कुलूप मात्र लावलं नाही, हे देवश्रीने नंतर सांगितलं.

शुक्रवारी अकराला कार्यालयाची खोली भरली. वस्तीतल्या तीस बायका आल्या होत्या, सगळ्यांनी लग्नातल्या साड्या नेसलेल्या. सुनावणी अधिकारी चाळिशीतल्या बाई होत्या, कमी बोलणाऱ्या. कार्यालयातर्फे वकील अनिमेषबाबू उभे होते. त्यांनी पुस्तिकेचं पान वाचलं, अठरा दिवसांची मुदत दोनशे वर्षांपूर्वीच संपल्याचं सांगितलं, आणि मग बकुळकडे वळले.

"मैडम, असली बात दूसरी है. ये क्रिश्चियन दीदी बाहर से आई हैं. इन भोली औरतों को भड़का रही हैं. मराठी का 'म' इन्हें कितना आता होगा?"

बकुळ उभी राहणार तोच मागून आवाज आला, "बसा तुम्ही."

रत्नाकरशास्त्री दारात उभे होते. शुभ्र धोतर, अंगावर उपरणं, हातात रेशमी कापडाची गुंडाळी. त्यांच्यामागे देवश्री, घामाघूम. रिक्षा मैदागिनच्या चौकात अडकली म्हणून ती त्यांना तिथून पायी घेऊन आली होती.

शास्त्र्यांनी नाव सांगितलं, वय सांगितलं, कागद टेबलावर उलगडला. मग सावकाश हिंदीत सांगू लागले: लिपी कशी, वेलांटी एकच कशी, पाच जागी रोज आणि एका जागी दिन. अधिकारी बाईंनी पाचही जागी पेन्सिलीने नक्कलपत्रावर खूण करून घेतली.

"पर यह छपा हुआ पाठ तो आपके पिताजी का है," अनिमेषबाबू म्हणाले. "आप कह रहे हैं कि वे ग़लत थे?"

बकुळने स्वतःच्या पावलांकडे पाहिलं.

"जी," शास्त्री म्हणाले. "ग़लत थे. मेरे पिता ने मुझे सिखाया कि ह्रस्व को दीर्घ पढ़ो तो पाप है, और दीर्घ को ह्रस्व पढ़ो तो भी पाप है. उन्हीं का सिखाया उन्हीं पर लगा रहा हूँ. और वकील साहब, इस दीदी को मराठी का कितना आता है, पूछ रहे थे ना? हमारे घर में तीन पीढ़ी से जो किसी ने नहीं सुना, वो इसने बिना काग़ज़ देखे सुन लिया."

"यानी सारा फ़र्क एक मात्रा का है," अधिकारी बाई म्हणाल्या.

"एक मात्रा का."

"और एक मात्रा पर इकतालीस घर?"

"जी. अब तक छोटी पढ़ी गई, इसीलिए तो यह नौबत आई."

बाईंनी लिहून घेतलं. मग विचारलं, वस्तीतर्फे कोण बोलेल. सगळ्यांनी बकुळकडे पाहिलं. बकुळने सीताकडे पाहिलं आणि खाली बसली.

सीता उभी राहिली. तिने पदर कमरेला खोचला. मग ती म्हणाली, "मैडम, हमको पढ़ना बाद में आया. गिनना पहले से आता है." आणि तिने दिवे मांडायला घेतले. पणत्या नव्हत्या, वात नव्हती, नुसते हात. "बड़का घर. कुइयाँवाला घर. नीमतर का घर. दुइ भाई का घर." मागच्या बायका एकेका नावाला पुटपुटत साथ देऊ लागल्या. सहाव्या नावाला त्यांचा आवाज चढला. बाराव्या नावाला अनिमेषबाबूंनी फाइल मिटली. "अउर अठारहवाँ, बिधवा का घर. हम उसी घर के हैं."

बकुळच्या हातात अर्जाची प्रत होती, तिची घडी तिच्याकडून सारखी चुकत होती. सहा वर्षं तिने चार ओळींवर घालवली होती आणि कुणी विचारलं की त्याचा उपयोग काय, तर तिला कधी नीट सांगता आलं नव्हतं. आता तिला सांगायची गरज वाटली नाही. समोर उभी असलेली बाई दोनशे वर्षांचा एक मजकूर तोंडपाठ म्हणत होती, एकही नाव न गाळता, आणि ती बाई दहा वर्षं तिची मैत्रीण होती.

आदेश नऊ दिवसांनी आला. दीड पान. आपत्ति स्वीकार, वस्ती अतिक्रमणाच्या यादीतून वगळली, रस्त्याची आखणी अन्नछत्राच्या दुसऱ्या बाजूने करावी. मूळ कागदाचं नवं वाचन जोडपत्र म्हणून लावलं होतं, खाली रत्नाकरशास्त्र्यांची सही. सहीखाली त्यांनी आपल्या हाताने एक ओळ वाढवली होती: वाचन दुरुस्त, पद्धत विश्वेशशास्त्र्यांची.

सिस्टर शरदिनींनी आदेश दोनदा वाचला आणि म्हणाल्या, "आता तुझ्या मुलींच्या वर्गात मीही येऊन बसेन म्हणते. मागच्या बाकावर."

"मागे बसणाऱ्यांना प्रश्न आधी विचारते मी."

दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला बकुळ मुद्दाम गल्लीत आली. सीता खराटा खांद्यावर टाकून निघाली होती, रोजच्या वेळेला, रोजच्या चालीने. बातमी गल्लीभर झाली होती. प्रल्हादने तिला पाहिलं आणि मान खाली घालून पानाला कात लावू लागला. एका पानाला त्याने दोनदा लावला.

सीता ठेल्यासमोर थांबली.

"का प्रल्हाद, आज पूछोगे नहीं?"

"का पूछें, चाची?" इतक्या वर्षांत पहिल्यांदा तो तिला चाची म्हणाला होता.

"वही. बस सवाल ठीक कर लो. कै दिन मत पूछो. पूछो, कै घर."

प्रल्हादने इकडेतिकडे पाहिलं. मग त्याचा चेहरा सैल झाला आणि त्याने नेहमीच्या सुरात विचारलं, "का हो अठरहिया, कै घर भइल?"

"अठारह से चले थे," सीता म्हणाली आणि चालू लागली. "इकतालीस पे हैं. बयालीसवाँ बैसाख में, हमरे नाती का ब्याह है. दीया गिनने आना."